डावीकडे झुकलेला शिक्का

पडद्यावरच्या माणसाने शिक्का शाईत दाबला, कागदावर आणला आणि टेकवायच्या आधी मनगट जरासं वळवलं. एवढंच झालं. शिक्का उमटला तो डावीकडे कललेला, शेजारच्या चौकोनातल्या साहेबाच्या शिक्क्यापुढे मान तुकवून उभा. थिएटरात साठ-सत्तर माणसं होती, त्यांपैकी कुणाला त्यात काही दिसलं नाही. मागच्या रांगेत कुणीतरी चिप्स खात होतं ते खातच राहिलं. पुढे बसलेल्या एका जपानी म्हाताऱ्याने तेवढा नाकातून श्वास सोडला, आणि उल्का सानेची नजर त्या शिक्क्यावरून हलेना. शेजारी बसलेली इरा, तिची सतरा वर्षांची मुलगी, हिनेच तिला ओढून आणलं होतं. जपानी सिनेमांचा आठवडा होता, शाळेच्या क्लबने दोन तिकिटं दिली होती, आणि शनिवारी दुपारी घरात बसून लॅपटॉपकडे डोळे लावण्यापेक्षा आईने थंडगार अंधारात बसावं, असं तिचं म्हणणं होतं. सिनेमा एका डोंगरातल्या गावातल्या पुलाचा होता. पुलाचे दोर निकृष्ट आहेत हे तीन माणसांना ठाऊक असतं, एक इंजिनियर, एक डॉक्टर, एक गावच्या वर्तमानपत्राचा संपादक. तिघं आपापल्या धंद्यात शहाणे आणि तिघांची तोंडं शिवलेली. उल्काने मांडीवरची बॅग घट्ट धरली. बॅगेत दोन कागद होते, आणि चार वाजता सिंगापुरातल्या क्लेमेंटीच्या हॉकर सेंटरमध्ये, खाण्याच्या टपऱ्यांच्या त्या मंडपात, अभय दातार तिला भेटायला येणार होता. नऊ वर्षांनी. तोही हात जोडून.

जपानी ऑफिसातल्या कागदावर वरच्या कोपऱ्यात चौकोनांची रांग असते. सगळ्यांत डावीकडे सगळ्यांत मोठा साहेब, आणि उजवीकडे येता येता शेवटी आपण. सहीच्या जागी ज्याचा त्याचा गोल लाल शिक्का. हाताखालच्याने तो जरा डावीकडे कलता मारायचा, कागदावरसुद्धा साहेबाला वाकून नमस्कार. हे कुठल्या नियमात लिहिलेलं नाही. पुण्यात टिळक रोडवरच्या क्लासात रविवारी सकाळी डोळे चोळत ती जपानी शिकली, परीक्षांमागून परीक्षा दिल्या, तिथेही हे कुणी सांगितलं नव्हतं. सिंगापूरला लिफ्ट बनवणाऱ्या जपानी कंपनीत चाचणी विभागात रुजू झाली आणि पहिल्याच आठवड्यात अभय सरांनी तिचा सरळ मारलेला शिक्का बघून हसत सांगितलं, की अगं, ताठ काय उभी राहिलीस, वाक की जरा. मग बारकावाही समजावला. कागद साहेबाने अजून वाचलाच नसेल तर शिक्का सरळ, कारण वाकणार कुणापुढे? साहेबाने वाचून मान डोलावली, की मग कलता. त्या मजल्यावर सगळे हे पाळत होते आणि कुणी बोलत नव्हतं. साने या नावाचा शिक्का तिने कौतुकाने करून घेतला होता. पुण्याला बाबांना फोनवर सांगितलं तेव्हा पद्माकर साने, आयुष्यभर नकाशे काढलेला माणूस, म्हणाले होते, छान, पण हातातलं पेन सोडू नकोस.

बारा चाचण्या झाल्या होत्या. ब्रेक लावल्यावर लिफ्ट किती अंतरात थांबते त्याच्या. नऊ बरोबर आल्या, तीन आल्या नाहीत. अभय सर कॉफीचा कप घेऊन तिच्या टेबलाशी उभे राहिले, त्यांनी अहवाल पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत वाचला, आणि त्या तीन चाचण्यांत सेन्सरच बिघडला होता, त्या काढून टाक, असं सांगितलं. सेन्सर बिघडला नव्हता. तिला ते माहीत होतं. हे ती स्वतःपाशी कधी नाकारत नसे, आणि तिच्या रागाला जी धार होती ती यामुळेच होती. नुसता अन्याय झालेला माणूस निदान रडून मोकळा होतो. तिने तीन ओळी काढल्या. "तू शिक्का मारून ठेव, मी नंतर बघतो," ते म्हणाले. कागद वाचून झाला होता, मान डोलावून झाली होती, म्हणून तिने शिक्का मारला तो कलता. शेजारचा त्यांचा चौकोन रिकामा. कागद तसाच गेला, गिऱ्हाइकाने चाचण्या पुन्हा घेतल्या तेव्हा गाळलेल्या तीन उघड्या पडल्या, आणि आठ दिवसांनी लांब टेबलाभोवती बसलेल्या सात माणसांसमोर अभय दातार अतिशय दुःखी चेहऱ्याने म्हणाले, "मी तो कागद बघितलाच नव्हता."

ती काय बोलणार होती? माझा शिक्का कलता आहे, बघा, माणूस रिकाम्या भिंतीला नमस्कार करत नाही, असं? तिने तेही म्हटलं. सातांपैकी दोघं जपानी होते, त्यांनी खाली बघितलं. कळलं दोघांनाही, पण ज्याला कळतं तो बोलला असता तर जगात एवढे कागद लागलेच नसते. नोकरी गेली, त्यामागून सिंगापुरात राहण्याचा पास गेला. तीस दिवसांत फ्लॅट रिकामा, फर्निचर फुकट, आठ वर्षांच्या इराचं नाव शाळेतून काढलेलं, आणि विमानात इरा विचारत होती की माझी वॉटरबॉटल वर्गातच राहिली, ती आता कोण घेईल. सुबोध, तिचा नवरा, तिच्याबरोबर पुण्याला परतला आणि हळूहळू पुण्याचाच झाला, इतका की तीन वर्षांनी ती पुन्हा निघाली तेव्हा तो विमानतळापर्यंतही आला नाही. बाबांनी एकदाच विचारलं होतं. दिवाळीच्या आधी, पोहे निवडताना. "शिक्का तुझाच होता ना?" ती हो म्हणाली. त्यांनी मान हलवली आणि पोह्यातला एक काळा खडा उचलून बाजूला ठेवला. पुढे कधी विषय नाही. नातेवाइकांना ते सांगत, उल्काला आमची आठवण येत होती म्हणून आली परत. ते गेले तेव्हा ती शेजारीच बसली होती, आणि शेवटच्या दोन दिवसांत कितीतरी वेळा तिच्या ओठावर आलं होतं की बाबा, त्याने तो कागद वाचला होता. पण मरणाऱ्या माणसाला असली पुराव्याची गोष्ट कुठे सांगायची, म्हणून राहिलं.

ज्याचं जळतं त्याला कळतं म्हणतात, पण जळून जळून माणूस एक दिवस थंड होतो असंही म्हणतात. उल्का थंड झाली नव्हती. सहा वर्षांपूर्वी ती पुन्हा सिंगापूरला आली, वन-नॉर्थमधल्या एका लहानशा तपासणी कंपनीत लागली, दुसऱ्यांच्या लिफ्ट, दुसऱ्यांचे अपघात, दुसऱ्यांचे कागद तपासून अहवाल देण्याचं काम. क्लेमेंटीला भाड्याचा फ्लॅट घेतला, इरा शाळेत रुळली, घरी मराठीत विचारलेल्याला इंग्रजीत उत्तर देऊ लागली. उल्काने सरळ, पांढरं आयुष्य लावून घेतलं. पण एमआरटीच्या गाडीत उभी असताना, डाळीला फोडणी देताना, दात घासताना ती अभय दातारशी बोलत असे. त्याला लांब टेबलासमोर उभं करत असे. त्याच्या तोंडून ते एक वाक्य उलटं वदवून घेत असे. कधी त्याचा पास काढून घेई, कधी त्याची पोर विमानात बसवी. इतकं नीटस रचलेलं असे ते सगळं, की आपल्यालाच आपली भीती वाटावी.

आणि नऊ दिवसांपूर्वी ती फाइल तिच्या टेबलावर आली. एका काँडोतली, म्हणजे उंच खाजगी सोसायटीतली, लिफ्ट दार उघडं असताना खाली सरकली होती आणि एका बाईच्या मांडीचं हाड मोडलं होतं. बाई वाचली, पण चालेल की नाही ते सांगता येत नव्हतं. देखभाल करणारी कंपनी जपानी, छोटी. ब्रेक लायनर झिजल्याचं वेळेत कळवलं नाही असा ठपका तिथल्या मुख्य इंजिनियरवर, आणि त्याचं नाव वाचून उल्का खुर्चीतून उठली, पाणी प्यायली, परत येऊन पुन्हा वाचलं. फाइलबरोबर एक फॉर्म होता. यातल्या कुणाशी तुमचा पूर्वी काही संबंध आहे का? तिने नाहीवर खूण केली. खोटं इतकं गोड असतं हे तिला माहीत नव्हतं. मग ती फाइल वाचायला बसली, आणि पाचव्या दिवशी तिला तो कागद सापडला. अपघाताच्या पाच आठवडे आधीचा. त्या लिफ्टचे लायनर बदला, तोवर लिफ्ट बंद ठेवा, असं अभय दातारने संचालक मोरितांना लिहिलं होतं. खाली दातारचा शिक्का डावीकडे कललेला. शेजारी मोरितांचा चौकोन रिकामा. आणि मोरितांचं म्हणणं फाइलमध्येच होतं, की मी तो कागद बघितलाच नव्हता.

ती हसली. ऑफिसात एकटीच मोठ्याने हसली, इतकी की पलीकडच्या टेबलावरच्या निहारने हेडफोन काढून बघितलं. पेरावे तसे उगवते ही म्हण शाळेत फळ्यावर लिहायची असते, पण ती अशी शिक्क्यासकट उगवते? त्याच दुपारी तिने त्याचे सगळे कागद काढून बघितले. एकतीस होते. सव्वीस कलते, शेजारी मोरितांचा शिक्का. चार सरळ, मोरिता ओसाकाला गेले होते त्या दिवसांतले. आणि हा एक. म्हणजे मोरितांनी वाचला होता, मान डोलावली होती, आणि लिफ्ट बंद ठेवली तर काँडोवाले ओरडतील म्हणून चौकोन रिकामा ठेवला होता. अभय दातार या वेळी निर्दोष होता, आणि अख्ख्या सिंगापुरात हे वाचू शकणारी आणि सांगायला तयार होऊ शकणारी एकच व्यक्ती होती. तिने तिचा अहवाल लिहिला. त्यातलं शेवटचं वाक्य असं होतं, वरिष्ठांना कळवल्याचा कोणताही पुरावा कागदावर आढळत नाही. वाक्य खरं होतं, एक अक्षर खोटं नव्हतं. नऊ वर्षांपूर्वीच्या चौकशीत याच वाक्याने तिला फासावर चढवलं होतं, ते तिने तोंडपाठ असल्यासारखं लिहून काढलं. अहवाल सोमवारी सकाळी नऊला द्यायचा होता. बॅगेतला एक कागद तो होता.

दुसरा कागद तिने का केला, हे तिला नीट सांगता आलं नसतं. बुधवारी अभयचा फोन आला होता, चौकशीच्या नोटिशीवर तपासणीस म्हणून तिचं नाव बघून. आवाजात इतका आनंद, की अगं उल्का, तूच ना ही, देवच पावला, आपलं माणूस आहे म्हटल्यावर मला काळजी नाही. अडला हरी गाढवाचे पाय धरी, आणि हरीला तर गाढवाला लाथ मारल्याचंही आठवत नव्हतं. त्या रात्री तिने नवं पान उघडलं. थिएटरातल्या पडद्यावर आता बर्फ पडत होता. शेवटी इंजिनियरने मनगट न वळवता शिक्का सरळ, ताठ मारला होता, पुलावरून माणसं मागे फिरत होती, आणि लोक अंधारात डोळे पुसत होते. उल्काला संताप आला. सिनेमात बरं असतं, शिक्का सरळ मारला की बर्फ पडतो. त्या इंजिनियरची पोर कुठल्या शाळेत गेली पुढे? दिवे लागले तेव्हा इराने विचारलं, "सो सॅड, ना? तू क्राय केलंस?" उल्का म्हणाली, एसी फार होता.

अभय आधीच येऊन बसला होता. केस पांढरे झाले होते, गाल ओघळले होते, आणि एवढं म्हातारं होण्याची परवानगी त्याला कुणी दिली असं तिच्या मनात येऊन गेलं. तिच्या मनातला अभय दातार पंचेचाळीसचाच होता. त्याने तिच्यासाठी कोपी, इथली दुधाची कॉफी, आणून ठेवली होती, साखर घालून. ती साखर घेत नसे, हे त्याला पूर्वी माहीत होतं. तो बोलत राहिला, मोरिता कसा नीच निघाला, वकील काय म्हणतो, इंजिनियर म्हणून नाव काळ्या यादीत गेलं की या वयात कोण विचारणार, अदितीचं लग्न डिसेंबरात ठरलंय. पंखा डोक्यावर फिरत होता, शेजारी कुणी ताटल्या आपटत होतं. मग त्याला रीत आठवली. "पुण्याला बाबा कसे आहेत तुझे?"

"गेले. सहा वर्षं झाली."

"अरेरे. फार सज्जन माणूस." तो बाबांना कधी भेटला नव्हता. "आणि तुझं तेव्हा काहीतरी झालं होतं ना गं? पासबिसचं?"

म्हणजे इतकी वर्षं ज्याच्याशी ती भांडत होती तो माणूस तिथे नव्हताच. ज्याला शिक्षा द्यायची त्याला गुन्हाच आठवत नसेल तर शिक्षा कुणाला द्यायची? बॅगेतला पहिला कागद सोमवारी जाईल, हा बुडेल, आणि बुडताना मोरितांना शिव्या देईल. तिचं नाव याच्या डोक्यात येणारसुद्धा नाही. याला आठवलं पाहिजे. निदान तेवढं तरी मिळालंच पाहिजे. तिने दुसरा कागद काढून त्याच्यापुढे सरकवला. तो अभयच्या नावाने लिहिलेला एका पानाचा जबाब होता, खाली नऊ वर्षांपूर्वीच्या तिच्या अहवालाची प्रत टाचलेली. जबाबात लिहिलं होतं, की मी ज्या ऑफिसांत काम केलं तिथे रिकाम्या चौकोनाकडे कललेला शिक्का म्हणजे वरिष्ठाने कागद वाचलेला आहे असा अर्थ होतो. मोरितांना दिलेल्या कागदावर माझा शिक्का असा आहे. सोबतच्या अहवालावर उल्का साने यांचा शिक्का माझ्या रिकाम्या चौकोनाकडे असाच कललेला आहे. तो अहवाल मी वाचला होता.

त्याने चष्मा लावला. एकदा वाचलं, मग पुन्हा पहिल्यापासून. टाचलेली प्रत उलटली, आणि तिथे त्याला तो लहान लाल गोल दिसला, विटलेला, अजून मान खाली घालून उभा. कोपीवर साय धरली. तो म्हणाला, की पहिला भाग ठीक आहे, पण दुसऱ्याची गरज काय, ते इतकं जुनं आहे. ती म्हणाली की नुसतं तुमच्या सांगण्याने ही रीत कोण खरी मानणार, दुसऱ्या ऑफिसातला दाखला लागतो, आणि दाखला हा एकच आहे. तो म्हणाला की त्या वेळी अदिती दहावीत होती, त्याच्यावरही वरून दबाव होता. बरंच काही म्हणाला. उल्का त्याच्या शर्टाच्या बटणाकडे बघत राहिली. वॉटरबॉटल निळी होती, तिच्यावर मासा होता.

शेवटी त्याने खिशातून शिक्क्याची डबी काढली. "मी मारला, तर तू हा पाठवशील ना? नक्की?"

"तुम्ही शिक्का मारून ठेवा," उल्का म्हणाली. "मी नंतर बघते."

हात डबीवरच थांबला. आणि मग ते तिला दिसलं, ज्याच्यासाठी ती इतकी वर्षं जगली होती. आधी तो वाक्य ओळखल्यासारखा नुसता बघत राहिला, मग चेहऱ्यावरून एकेक गोष्ट मागे मागे जात गेली, कॉफीचा कप, तिचं टेबल, लांब टेबल, सात माणसं, आणि त्याचा रंग उतरला. "उल्का," तो म्हणाला. त्याने शिक्का शाईत दाबला. कागदावर टेकवताना मनगट आपसूक डावीकडे वळलं. सुंभ जळला तरी पीळ जात नाही. त्याच्या नावाच्या डावीकडे तपासणी करणाऱ्याच्या सहीचा चौकोन होता, उल्काचा, रिकामा. त्याचा शिक्का त्या चौकोनापुढे असा वाकला, की तिचा कधीच तेवढा वाकला नव्हता. तिने कागद उचलला, शाईवर फुंकर घातली आणि ती निघाली.

त्या रात्री तिला गाढ झोप लागली. रविवारी त्याचे फोन आले, सकाळी दोन, दुपारी चार, संध्याकाळी मोजले नाहीत. तिने घेतले नाहीत. पुरणपोळीसारखा तो दिवस तिने सावकाश खाल्ला. त्याच्या वाट्याला टांगणीच्या दोन रात्री, फक्त. यापेक्षा कमी द्यायची तिची तयारी नव्हती, आणि जास्त तिच्या हातात नव्हत्या. कागद टेबलावर होता, चौकोन रिकामा. सही केली तर तिचं नावही त्या टाचलेल्या प्रतीवर सगळ्यांसमोर येणार, आणि मग त्या फॉर्मवरचं नाही खोटं ठरणार. मार्चमध्ये तिचा पास नवा व्हायचा होता. इराचं शाळेचं शेवटचं वर्ष. पहिला अहवाल पाठवला तर कुणालाच काही कळणार नव्हतं, तो बुडणार, ती तरणार, आणि ते वाक्य खरंच होतं. संध्याकाळी इराने टेबलावर वाकून बघितलं. "हा स्टॅम्प इतका क्रूकेड का, मम्मा? समवन पुश्ड हिम, इज इट?" उल्का म्हणाली, नमस्कार करतोय तो. "टू हू? देअर्स नोबडी देअर, वॉट," इरा म्हणाली आणि आपल्या खोलीत गेली. उल्का त्या रिकाम्या चौकोनाकडे बघत बसली. आता तो तिचा होता, आणि साहेबाच्या जागी आत बसून तो किती रुंद दिसतो हे तिला कळत होतं. बाबांनी पोह्यातला खडा बाजूला ठेवला होता तो त्यांच्या नखाएवढा होता. त्या रात्री मात्र झोप आली नाही.

सोमवारी साडेआठला ती तिच्या वरिष्ठांकडे, मिस लिमकडे गेली आणि फॉर्मवरची खूण खोटी असल्याचं सांगितलं. मिस लिमनी पेन खाली ठेवलं आणि सांगितलं की हे काम दुसऱ्या कुणाकडे द्यावं लागेल, बाकीचं एचआर कळवेल, पण तोवर गोळा केलेले जबाब फाइलला लागतील, त्यांवर तुझी सही हवी. उल्का आपल्या जागेवर आली. पहिला अहवाल तिने पुसून टाकला. नऊला पाच कमी असताना जबाबावर सही केली, पेनने, स्वतःच्या वळणदार अक्षरात. कागद फाइलला लावला. फोन पुन्हा थरथरू लागला होता. या वेळी तिने तो उचलला. पलीकडे नुसता श्वास होता, दोन रात्री न झोपलेल्या माणसाचा.

"बघितलं," ती म्हणाली.

तो काही बोलायच्या आत तिने फोन ठेवला. त्याचे आभार तिला नको होते.